वाऱ्याची वाट

काही शब्द मोठे लबाड असतात. ‘पवनचक्की’ हा त्यांपैकीच एक. चक्की म्हटली की तिच्या तोंडाशी दाणे असावेत, पोटात दगड असावेत आणि खाली डब्यात ऊन ऊन पीठ पडावे, अशी आपली साधी अपेक्षा असते. आमच्या गावाच्या माथ्यावर, पाटण तालुक्यातल्या सड्यावर, गेली पंचवीसेक वर्षे पवनचक्क्या फिरत आहेत. पण त्यांपैकी एकीनेही मूठभर नाचणी दळल्याचे कोणाच्या ऐकिवात नाही. पहिली चक्की उभी राहिली तेव्हा आमच्या वहिनी दळणाची पाटी डोक्यावर घेऊन वर निघाल्या होत्या, असे दादा येईल त्या पाहुण्याला सांगतो. वहिनी ते नाकबूल करतात. पण त्यांचा सवाल मात्र कायम असतो. “दळत न्हाई, तर चक्की कशापायी म्हंत्यात तिला?”

मी छत्तीस वर्षे पुण्यातल्या एका शाळेत मुलांना विज्ञान शिकवले. इतक्या सरळ प्रश्नाला उत्तर देण्याची सवय आम्हा मास्तर लोकांना नसते.

वास्तविक नावात खोटे काही नाही. ते नुसते जुने झाले आहे. इराणच्या पूर्वेकडे, खोरासानच्या बाजूला, नश्तिफान नावाचे गाव आहे. तेथे मातीच्या उंच भिंतींमध्ये लाकडी फळ्यांच्या पवनचक्क्या आहेत. त्यांचा आस आडवा नसतो, खांबासारखा उभा असतो, आणि त्याच्या पायाशी जाते असते. शतकानुशतके वाऱ्याने ते जाते ओढले आणि माणसांनी त्याचे पीठ खाल्ले. पुढे हॉलंडातल्या लोकांनी वाऱ्याला पाणी उपसायला लावून पाण्याखालची जमीन कोरडी केली. सोळाव्या शतकाच्या अखेरीस कॉर्नेलिस कॉर्नेलिसझोन नावाच्या एका डच कारागिराने फिरत्या आसाला वाकडा दांडा बसवला आणि गोल फिरण्याचे खालीवर हलणे करून वाऱ्याकडून लाकडे कापून घेतली. म्हणजे वाऱ्याकडून मागायचे ते एकच, फिरणे. त्या फिरण्याला मग दगड जोडा, रहाट जोडा, करवत जोडा, नाही तर वीज करणारे जनित्र जोडा. चक्की गेली तरी नाव राहिले. गावातल्या वाड्यात पाटील राहत नसले तरी लोक त्याला पाटीलवाडाच म्हणतात, तसे.

पण मला सांगायचे आहे ते निराळेच. या वाऱ्याशी आमचा घरोबा चक्क्यांहून जुना आहे.

सड्याच्या कडेला आमचे खळे होते. गाव खाली खोबणीत, तिथे वारा पोचत नाही. म्हणून वडिलांनी खळे वर केले होते. नाचणीची, वरीची मळणी झाली की उफणणीसाठी वाऱ्याची वाट पाहत आम्ही तिथे बसून राहायचो. समोर दरीत कोयनेचे पाणी पसरलेले असायचे. वडील मधूनच उठून चिमूटभर भूस हवेत सोडीत आणि ते कोणीकडे जाते ते पाहत. वारा मनासारखा आला की तिवईवर चढून सूप डोक्याच्या वर धरीत. दाणा पायाशी पडे, भूस पलीकडे उडे. वारा थोडा कमी पडला तर भूस दाण्यातच राही. जास्त झाला तर दाणाही भुसाबरोबर निघून जाई. वडील तेव्हा सूप खाली ठेवून तंबाखू मळीत बसत. वाऱ्यावर रागावलेले मी त्यांना कधी पाहिले नाही. ज्याच्याकडून फुकट काम करून घ्यायचे त्याच्या तब्येतीने घ्यावे, एवढे शहाणपण त्यांना होते.

वडील गेले. मी शिकून पुण्याला आलो, दादा गावीच राहिला. सड्यावरची साडेतीन एकर जमीन दोघांच्या नावावर होती. जमीन म्हणायची एवढेच. खाली काळा कातळ, वर वीतभर माती. १९९८ साली दादाचे पत्र आले. एक कंपनी सड्यावरची जमीन विकत मागते आहे, एकरी बारा हजार देते म्हणते, तुझे काय मत? दादाने आयुष्यात मला फार थोड्या वेळा मत विचारले आहे. मी शिकलेला, शिवाय विज्ञानाचा मास्तर. मला विचारायचे नाही तर कोणाला विचारायचे?

मी पोस्टकार्डावर उत्तर लिहिले. त्यातले वाक्य मला आजही जसेच्या तसे आठवते. ‘सड्यावर वाऱ्याशिवाय दुसरे पिकते काय? येईल त्या भावाला देऊन टाक.’

वाक्य लिहून झाल्यावर मी स्वतःवर थोडा खूषही झालो होतो. वाक्य चांगले उतरले होते.

पुढे दीड-दोन वर्षांनी गावी गेलो तो सड्यावर पांढरे मनोरे उभे. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला की कंपनीने आमच्याकडून कातळ घेतलाच नव्हता, पीकच घेतले होते. आणि ते कोणते, हे मीच तिला पोस्टकार्डावर लिहून दिल्यासारखे झाले होते. मला हे ठाऊक नव्हते असेही म्हणता यायचे नाही. १९८६ साली आपल्या देशात पवनचक्क्यांच्या पहिल्या वसाहती उभ्या राहिल्या. गुजरातेत ओखा, तमिळनाडूत तुतिकोरिन आणि आपल्याकडे रत्नागिरी. ही माहिती मी मुलांना वर्गात सांगितली होती. फळ्यावर चित्र काढले होते. फळ्यावरचा वारा आणि आमच्या खळ्यावरचा वारा एकच, हे मात्र मास्तरांच्या ध्यानात आले नाही.

दादा याबद्दल मला कधी बोलला नाही. बोलला असता तर बरे झाले असते. न बोलणाऱ्या माणसासमोर अपराध्याला बसायला जागा राहत नाही. मग मी गावी जाणेच कमी केले. गेलोच तर सड्यावर चढायचे टाळीत असे. गुडघ्यांचे निमित्त सोयीचे होते.

गेल्या वर्षी मे महिन्याच्या अखेरीस मात्र पुतण्याने सोडले नाही. तो आय. टी. आय. होऊन एका कंत्राटदाराकडे याच पवनचक्क्यांच्या देखभालीवर आहे. “तात्या, तुम्ही आम्हाला शिकवलंत, आता एक दिवस माझ्या वर्गात बसा,” म्हणाला, आणि मोटारसायकलीवर घालून मला वर घेऊन गेला. आता वर रस्ता झाला आहे. गुडघ्यांना बोलायला जागा नव्हती.

चक्कीच्या पायथ्याशी उभे राहिल्यावर पहिल्यांदा जाणवतो तो आवाज. दर पात्यागणिक एक सुस्कारा. पुतण्याने माहिती सांगायला सुरुवात केली. हे यंत्र ३५० किलोवॉटचे. एकेक पाते सुमारे सोळा मीटर लांब. मिनिटाला तीस-चाळीस फेरे होतात. वर डोक्यात दातेरी चाकांची पेटी आहे. ती या सावकाश फिरण्याचे मिनिटाला हजार-दीड हजार फेरे करून जनित्राला देते. डोक्यावर एक छोटे वातकुक्कुट आहे. वाऱ्याने दिशा बदलली की त्याच्या सांगण्यावरून मोटर सगळे डोकेच वाऱ्याकडे वळवते. वाऱ्याचा वेग सेकंदाला साडेतीन-चार मीटर झाल्याशिवाय यंत्र कामाला लागत नाही, आणि पंचवीस मीटरांच्या पुढे गेला की स्वतःला आवरून गप्प उभे राहते.

मला तिवईवरून उतरून तंबाखू मळणारे वडील आठवले.

“मला एक सांग,” मी परीक्षा घेण्याच्या सवयीने म्हणालो, “वारा जातोय ताशी छत्तीस किलोमीटरांनी. पात्याचं टोक फिरतंय ताशी दोनशेच्या आसपास. ढकलणाऱ्यापेक्षा ढकललेली वस्तू जोरात कशी पळेल?”

पोरगा हसला. “ढकलतच नाही तात्या. वारा ओढतो.”

उत्तर बरोबर होते. आपल्याला वाटते, वारा पात्यावर थाप मारतो आणि पाते फिरते. नुसत्या थापेने फिरणाऱ्या चक्क्याही असतात, नश्तिफानच्या तशाच; पण त्या वाऱ्याहून जोराने धावू शकत नाहीत. हे पाते विमानाच्या पंखासारखे एका अंगाने फुगीर असते. हवा त्याच्या दोन्ही अंगांनी घसरत जाते. फुगीर अंगाला दाब कमी होतो आणि पाते त्या बाजूला ओढले जाते. जो दाब विमानाला वर उचलतो तोच इथे पात्याला गोल पळवतो. म्हणून पाती रुंद नकोत, पुष्कळ नकोत. थोडी, सडपातळ आणि वेगवान हवीत.

ही गोष्ट प्रयोग करून जगाला दाखवणाऱ्यांत एक मास्तर होता, हे सांगताना मला थोडा अभिमान वाटतो. डेन्मार्कमधल्या आस्कोव्ह गावच्या शाळेत पॉल ला कूर हे शिक्षक होते. १८९१ साली त्यांनी शाळेजवळ पवनचक्की उभारून तिच्यावर वीज केली. वारा पडला की वीज बंद; मग साठवायची कशी? त्यांनी त्या विजेने पाण्याचे दोन वायू वेगळे केले आणि त्यांतला हायड्रोजन साठवून त्यावर शाळेतले दिवे लावले. कधी कधी त्याचा स्फोट होऊन शाळेच्या खिडक्यांच्या काचा फुटत, असे सांगतात. आमच्या मुख्याध्यापकांनी हे एक दिवससुद्धा चालू दिले नसते. तीन वर्षे आधी अमेरिकेत चार्ल्स ब्रश यांनी तब्बल १४४ पात्यांची चक्की विजेसाठी उभारली होती. ला कूर यांनी ताडले की ही गर्दी उपयोगाची नाही. त्यांच्या हाताखाली शिकलेल्या योहानेस यूल यांनी १९५७ साली गेडसर येथे तीन पात्यांची २०० किलोवॉटची चक्की उभी केली आणि ती दहा वर्षे चालली. सड्यावरच्या आमच्या चक्क्या तिच्याच नाती-पणती म्हणायच्या.

पायथ्याशी एका फलकावर आकडे हलत होते. पुतण्या म्हणाला, “आत्ता वारा दहाचा आहे.” मी खिशातून पेन्सिल काढली. जुनी खोड! पात्यांचे वर्तुळ सुमारे साडेआठशे चौरस मीटर. सड्याच्या उंचीवर घनमीटरभर हवा किलोपेक्षा किंचित जास्त भरते. म्हणजे दर सेकंदाला जवळजवळ नऊ टन हवा त्या वर्तुळाकडे धावत होती. मालमोटारभर हवा, दर सेकंदाला! तिच्यातली शक्ती ४४० किलोवॉटच्या घरात. हाच वारा निम्म्या वेगाचा असता तर शक्ती निम्मी नव्हे, एक अष्टमांश झाली असती. वेग दुप्पट तर शक्ती आठपट, असा वाऱ्याचा हिशेब आहे. म्हणून तर माणसे डोंगरमाथे शोधीत फिरतात. खाली खोबणीतली जमीन कोणी मागितली नाही.

आणि मग नको तोही हिशेब झाला. साडेतीनशेचे यंत्र पुऱ्या जोराने तासभर चालले तर साडेतीनशे युनिटे होतात. आमच्या घराला १९९८ साली महिन्याला तीसेक युनिटे लागत. म्हणजे एका तासात घराच्या जवळजवळ वर्षाची वीज. मी कागद चुरगळून खिशात टाकला.

दादा खळ्यावर बसला होता. होय, खळ्यावर! माझी समजूत, साडेतीन एकरांत तेही गेले. मनोऱ्यापासून दोनशे पावलांवर, कड्याच्या अंगाला, तीच सारवण उडालेली गोल जागा होती. दादाने रुईच्या पानावर करवंदे काढून ठेवली होती.

त्याच्याशेजारी बसून मी पुष्कळ वेळ चक्कीविषयीच बोललो. मनात असते ते बोलायचे नसले की माणूस माहिती सांगतो. मी म्हणालो, “दादा, यात एक गंमत आहे. वाऱ्यातली सगळी शक्ती काढून घेताच येत नाही. बेट्झ नावाच्या एका जर्मन विद्वानानं १९२० साली गणितानं सिद्ध केलं, की सत्तावीस भागांतले फार तर सोळा भाग काढता येतात. शंभरातले एकोणसाठ. कितीही चांगलं यंत्र करा, त्याच्यापुढं नाही. प्रत्यक्षात त्याहून कमीच.”

“आन् बाकीचं?”

“बाकीचं वाऱ्याकडं ठेवावं लागतं.”

हे का, ते समजावून सांगायला वर्गात मला फळा लागत असे, बाण लागत, आणि तास संपला तरी मागच्या बाकावरच्या मुलांना ते समजत नसे. मी सुरुवात केली, “समज, सगळा वेग काढून घेतला...”

दादाने मला थांबवले. “ह्यात काय समजायचं? भिंतीच्या आडोशाला कुनी खळं करतं का? समूरनं वारा आला, पर मागनं जायाला वाट नसंल, तर तो येतोयच कशाला? बाजूनं निघून जाईल. आबा ह्या कडंला काय उगं आलं व्हतं?”

मी त्याच्याकडे पाहत राहिलो. बेट्झच्या गणितात याहून अधिक काही नाही. पात्यांनी वाऱ्याला पुरता थांबवला तर थांबलेली हवा तिथेच तुंबेल आणि मागची हवा वर्तुळ टाळून बाजूने निघून जाईल. घेणाऱ्याच्या हाती काहीच येणार नाही. अजिबात अडवला नाही तरीही काही येणार नाही. सर्वांत अधिक मिळते ते, वारा मूळच्या एक तृतीयांश वेगाने पलीकडे जाऊ दिला म्हणजे. ज्याच्याकडून घ्यायचे, त्याच्यापाशी पुढे चालण्यापुरते राहू द्यायचे. आमच्या वडिलांनी हे गणित पायांनी सोडवले होते, कडा गाठून.

तेवढ्या धैर्यावर मी बोललो. “दादा, माझं चुकलं. ते कार्ड मी लिहायला नको होतं.”

दादाने एक करवंद तोंडात टाकले. बी थुंकून म्हणाला, “कुठलं कार्ड?”

“वाऱ्याशिवाय काय पिकतं, ते.”

“हां, ते.” तो जरा हसला. “ब्येस लिवलं व्हतंस. मी त्या कंपनीच्या मानसाला वाचून दावलं. तो बी हसला. मला तवाच कळाया पायजे व्हतं, ह्यो का हसतोय.”

मला हसू आले नाही. दादा समोर पाण्याकडे पाहत सावकाश बोलू लागला. “भाव कमी आला, त्यो आलाच. खोटं कशाला बोलू? दोन साल लई चरफडलो. कोयनेचं पानी तसंच गेलं, वारा बी तसाच गेला, आसं वाटायचं. तुज्यावर बी राग व्हता. मंग त्याच पैक्यात पोरगं शिकलं. आता त्योच वर चढतोय. किती घालवायचं मनात धरून?”

“मग हे खळं कसं राहिलं?”

“सात गुंठं न्हाई दिलं. त्यो म्हनला, सगळं द्या, भाव वाढवून देतो. न्हाई म्हनलं.”

“का? इथे आता मळणी कुठली?”

“मळनी न्हाईच. पर समदंच इकलं आसतं, तर वर यायला काय कारन राह्यलं आसतं? जायायायला वाट ऱ्हावी म्हून ठिवलं.”

मी काही बोललो नाही. इतकी वर्षे मी जे टाळीत आलो होतो, त्याच जागी तो रोज संध्याकाळी येऊन बसत होता. मला वाटत होते, मी त्याचे सगळे घालवले. आणि त्याने आपल्यापुरते राखून ठेवले होते. त्यात माझीही बसण्यापुरती जागा निघत होती.

उन्हे कलली. दादाने उठता उठता सुक्या गवताची चिमूट चुरून हवेत सोडली. आबांचीच लकब. गवत पूर्वेकडे उडाले. “पश्चिमेचा हाय. पाऊस आठ दिसांवर आला,” तो म्हणाला. दूरवर चक्कीचे डोके कुरकुरत थोडेसे वळले आणि स्थिर झाले.

आम्ही दोघे पायवाटेनेच खाली उतरलो. मोटारसायकल पुढे गेली. गुडघे दुखले, पण त्यांची तक्रार या खेपेला खरी होती.

गावात शिरताना गिरणीचा आवाज येत होता. विजेची गिरणी, पट्ट्याचा फटफट आवाज आणि दारात पिठाने पांढरे झालेले दोन-चार डबे. वहिनी डबा घेऊन बाहेर येत होत्या. मला एकदम छत्तीस वर्षांच्या मास्तरकीचे उत्तर सुचले. म्हटले, “वहिनी, सड्यावरची चक्की दळते बरं का. तिची वीज तारेत जाते, सगळ्यांच्या विजेत मिसळते, आणि तारेतली वीज या गिरणीत येते. या पिठात चिमूटभर तरी वारा असणारच.”

वहिनींनी डब्याचे झाकण काढून पिठात बोट घातले, ते चोळून पाहिले आणि पुन्हा झाकण लावले.

“तरीच,” त्या म्हणाल्या, “हल्ली लई हलकं यतंय.”